राजाने छापले, प्रजेने वाचले

इंग्लंडमधील मुद्रणस्वातंत्र्याचा इतिहास आपल्याकडे सहसा दोन प्रकारे सांगितला जातो. एका सांगण्यात छापखाना हाच नायक असतो: यंत्र आले, पुस्तके स्वस्त झाली, लोक शहाणे झाले आणि सिंहासने डळमळली. दुसऱ्या सांगण्यात कवी जॉन मिल्टन विचारस्वातंत्र्याची बाजू मांडतो आणि पन्नासेक वर्षांनी का होईना, तिचा जय होतो. दोन्हींमध्ये राजाला काम एकच उरते, आडवे येण्याचे. सोळाव्या आणि सतराव्या शतकांतील ब्रिटनचा पुरावा मात्र मला बराच वेगळा दिसतो. धर्माचा वाद सामान्य वाचकाच्या दारात नेऊन टाकण्याचे काम सर्वांत मोठ्या प्रमाणावर राजसत्तेनेच केले. ज्याला आपली बाजू छापून पटवावी लागते तो वाचकाला न्यायासनावर बसवतो, मग त्याची तशी इच्छा असो वा नसो. आणि बसलेल्या वाचकाला तेथून उठवण्यासाठी जी परवाना पद्धत उभारली गेली ती तत्त्वज्ञांच्या माऱ्याने पडली नाही, तर आपल्याच ओझ्याखाली खचली. छापण्याआधी सत्तेची मंजुरी घ्यावी काय, हा प्रश्न नवी नावे घेऊन पुन्हापुन्हा पुढे येतो, म्हणून या खचण्याची कारणे बारकाईने पाहण्याजोगी आहेत.

आठव्या हेन्रीपासून सुरुवात करणे सोयीचे आहे. 1521 मध्ये त्याने पोपविरोधी धर्मसुधारक ल्यूथर याच्याविरुद्ध ग्रंथ लिहिला आणि पोपकडून ‘धर्मरक्षक’ ही पदवी मिळवली. 1526 मध्ये विल्यम टिंडलने जर्मनीतील वर्म्स येथे छापलेला इंग्रजी नवा करार, म्हणजे बायबलचा दुसरा भाग, चोरवाटेने इंग्लंडात येऊ लागला, तेव्हा लंडनच्या बिशपने त्याच्या प्रती जाळवल्या. मग राजाला घटस्फोट हवा झाला, रोमने तो दिला नाही, आणि 1534 च्या कायद्याने हेन्री स्वतःच इंग्लंडच्या चर्चचा प्रमुख बनला. एवढी मोठी उलथापालथ केवळ हुकमाने प्रजेच्या गळी उतरत नाही. ती समजावून सांगावी लागते. 1538 मध्ये राजाचा मंत्री थॉमस क्रॉमवेल याने प्रत्येक चर्चमध्ये इंग्रजी बायबलची मोठी प्रत ठेवण्याची आज्ञा काढली आणि 1539 मध्ये ‘ग्रेट बायबल’ छापून आले. त्यातील भाषांतराचा मोठा भाग टिंडलचा होता. त्याला 1536 मध्ये ब्रसेल्सजवळ गळा आवळून मारून जाळण्यात आले होते. तीन वर्षांत त्याचेच शब्द, त्याचे नाव गाळून, राजाच्या छत्राखाली गावोगाव पोहोचले.

या बायबलच्या आरंभीचे चित्र पाहिले की राजाच्या मनात काय होते ते कळते. सर्वांत वर, देवाच्या जरासे खाली, हेन्री बसला आहे आणि दोन्ही हातांनी ‘देवाचा शब्द’ असे लिहिलेले ग्रंथ देतो आहे, एकीकडे आर्चबिशप क्रॅनमरला आणि दुसरीकडे क्रॉमवेलला. तेथून तो शब्द पायरी पायरीने खाली उतरतो. तळाशी धर्मोपदेशक प्रवचन देत आहे, आणि त्याच्या तोंडी वचन कोणते, तर राजांसाठी प्रार्थना करा. समोरचे स्त्रीपुरुष ऐकत आहेत आणि राजाचा जयजयकार करीत आहेत. कोपऱ्यात तुरुंगही आहे. शब्द वरून खाली येईल आणि खालून फक्त जयघोष वर जाईल, अशी ती रचना. (पुढच्याच वर्षी क्रॉमवेलचे डोके उडवले गेले, आणि नंतरच्या आवृत्त्यांत त्याच्या कुलचिन्हाच्या जागी रिकामे वर्तुळ राहिले. छापील पानावरूनही माणूस असा पुसता येतो.)

चित्रात दाखवलेली वाहतूक प्रत्यक्षात झाली नाही. लोकांनी पुस्तक उघडले, मोठ्याने वाचले आणि अर्थावरून भांडू लागले. 1543 च्या कायद्याने कारागीर, शिकाऊ उमेदवार, नोकरचाकर, शेतकरी, मजूर आणि खालच्या थरांतील स्त्रिया यांना इंग्रजी बायबल वाचण्यास मनाई झाली. सरदारघरच्या स्त्रियांनी वाचावे, पण एकट्याने आणि मनातल्या मनात. 1545 च्या डिसेंबरात, पार्लमेंटपुढील आपल्या शेवटच्या भाषणात, हेन्रीने तक्रार केली की देवाचा अमोल शब्द प्रत्येक दारूच्या गुत्त्यात वादाला काढला जातो आणि गाण्यांत गुंफला जातो. ज्याने स्वतः पुस्तक वाटले त्याचीच ही तक्रार. ग्लॉस्टरशरमधील एका टेकडीवर मेंढरे राखणाऱ्या रॉबर्ट विल्यम्स नावाच्या माणसाने 1546 मध्ये आपल्या एका दुसऱ्याच पुस्तकाच्या कोऱ्या पानावर लिहून ठेवले की, मेंढपाळांनी नवा करार वाचू नये असा हुकूम निघाला तेव्हा मी हे पुस्तक विकत घेतले, आणि देव हे आंधळेपण दूर करो. कायद्याने मेंढपाळाच्या हातातून एक पुस्तक काढून घेतले. त्याने दुसरे घेतले आणि त्यात राजाच्या कायद्यावर आपला अभिप्राय नोंदवून टाकला. ही नोंद मला त्या काळच्या कितीतरी ग्रंथांपेक्षा मोलाची वाटते, कारण पुढील दीडशे वर्षांत सत्तेला ज्याचे उत्तर सापडले नाही ते तीत आहे: वाचता येणाऱ्या माणसाला काय वाचू नये हे सांगितले की ते सांगणाऱ्याबद्दलच तो मत बनवू लागतो.

यंत्रणेची गोष्ट त्यानंतरची. 1557 मध्ये कॅथलिक राणी मेरी आणि तिचा पती फिलिप यांनी लंडनच्या स्टेशनर्स कंपनीला, म्हणजे मुद्रक आणि पुस्तकविक्रेत्यांच्या संघाला, सनद दिली. सौदा दोघांच्याही सोयीचा होता. संघाला छपाईचा जवळजवळ मक्ता मिळाला आणि परभारे चालणारे छापखाने शोधून मोडण्याचा अधिकार मिळाला. राजसत्तेला फुकटचे पोलीस मिळाले. मेरीनंतर आलेल्या प्रॉटेस्टंट एलिझाबेथने धर्म उलटा फिरवला, पण ही सनद जशीच्या तशी ठेवली. 1586 मध्ये स्टार चेंबर या दरबारी न्यायालयाने छपाई लंडनपुरती आणि ऑक्सफर्ड व केंब्रिज या विद्यापीठांतील एकेका छापखान्यापुरती मर्यादित केली, आणि पुस्तके तपासण्याचे काम कँटरबरीच्या आर्चबिशपकडे व लंडनच्या बिशपकडे सोपवले. परवाना पद्धतीचे समर्थन नेहमी सत्याच्या रक्षणाच्या नावाने होते. येथे तर दोन परस्परविरोधी सत्यांनी पाठोपाठ तेच यंत्र वापरले आणि त्यात एक खिळाही बदलावा लागला नाही.

जॉन स्टब्जचे प्रकरण या दृष्टीने विलक्षण आहे. 1579 मध्ये राणीचे लग्न आंजूच्या फ्रेंच कॅथलिक ड्यूकशी ठरण्याच्या बेतात असताना या कट्टर प्रॉटेस्टंट, राणीनिष्ठ वकिलाने त्याविरुद्ध पुस्तिका छापली. त्याला शिक्षा झाली ती मेरीच्या काळात फिलिपच्या बदनामीविरुद्ध केलेल्या कायद्याखाली; म्हणजे कॅथलिक राजाच्या रक्षणासाठी घडवलेले हत्यार प्रॉटेस्टंट राणीने प्रॉटेस्टंट लेखकावर चालवले. वेस्टमिन्स्टरमध्ये मनगटावर सुरा ठेवून वरून घाव घालून त्याचा उजवा हात तोडण्यात आला. त्याने डाव्या हाताने टोपी काढली, ‘देव राणीला सुखी ठेवो’ असे म्हटले आणि तो बेशुद्ध पडला. इतिहासकार विल्यम कॅमडेन तेथे हजर होता. तो सांगतो की जमाव अवाक् उभा होता: शिक्षेच्या भीषणपणामुळे असेल, त्या माणसाबद्दलच्या कणवेमुळे असेल किंवा त्या लग्नाच्या तिटकाऱ्यामुळे असेल. शिक्षा जाहीर केली जाते ती पाहणाऱ्यांनी धडा घ्यावा म्हणून. येथे पाहणारे निवाडा करीत होते आणि तो राणीच्या बाजूने नव्हता.

दोन वर्षांनी कॅथलिकांची पाळी आली. येशूसंघाच्या (जेझुइट) एडमंड कॅम्पियनची लॅटिन पुस्तिका स्टोनर पार्क येथील गुप्त छापखान्यात छापून ऑक्सफर्डच्या सेंट मेरी चर्चमधील बाकांवर ठेवलेली आढळली, आणि 1581 संपण्यापूर्वी कॅम्पियनला लंडनच्या टायबर्न या वधस्थळी फासावर चढवून त्याच्या देहाचे तुकडे करण्यात आले. याच छळाच्या वातावरणातून बाहेर पडलेला विल्टशरचा एक तरुण, थॉमस स्टीफन्स, रोमला येशूसंघात दाखल झाला आणि 1579 मध्ये, स्टब्जचा हात तुटला त्याच वर्षी, गोव्यात उतरला. त्याचे दहा हजारांहून अधिक ओव्यांचे क्रिस्तपुराण 1616 मध्ये गोव्यातील राचोलला छापले गेले. मायदेशी ज्याच्या पंथाचे पुस्तक छापणे गुन्हा होता त्याला मराठी ओवीत छापील आवाज मिळाला, ही आपल्याला सुखावणारी गोष्ट आहे. पण त्या पुराणाच्या मुखपृष्ठावर इन्क्विझिशनच्या, म्हणजे पाखंड शोधणाऱ्या कॅथलिक धर्मन्यायालयाच्या, परवानगीची नोंदही आहे. लंडनमध्ये परवाना आर्चबिशपचा, राचोलला इन्क्विझिशनचा. दोघांच्याही मते खरा धर्म आपल्याकडे होता आणि म्हणूनच तपासनीसही हवा होता.

स्टीफन्सचे पुराण निघाले त्या 1616 सालचाच शिक्का असलेला आणखी एक जाडजूड ग्रंथ लंडनला निघाला: राजा पहिला जेम्स याच्या समग्र कृती. जेम्स हा लिहिणारा राजा होता. राजाला अधिकार देवाकडून मिळतो, प्रजेकडून नव्हे, हे त्याने ग्रंथ लिहून सिद्ध करू पाहिले. प्रजेला अधिकारच नसेल तर तिला पटवण्याची यातायात कशासाठी, हा प्रश्न त्याच्या एखाद्या चाणाक्ष वाचकाला नक्कीच पडला असेल. वाचनाचा धोका मात्र जेम्सने हेन्रीपेक्षा चांगला ओळखला होता. 1604 च्या हॅम्प्टन कोर्ट परिषदेत त्याने जिनिव्हात प्रॉटेस्टंटांनी तयार केलेल्या इंग्रजी ‘जिनिव्हा बायबल’वर राग काढला तो मजकुराबद्दल नव्हे, समासातील टिपांबद्दल. इजिप्तच्या राजाने हिब्रू बालकांना मारण्याची आज्ञा केली आणि सुइणींनी ती पाळली नाही. तेथील टीप त्या अवज्ञेला योग्य म्हणत होती. राजाज्ञा मोडणे योग्य, आणि तेही प्रत्येक घरातल्या बायबलच्या समासात! 1611 चे नवे बायबल म्हणूनच अशा टिपांवाचून निघाले. समास कोरा केला की तेथे वाचक स्वतःची टीप लिहितो, हे टेकडीवरच्या मेंढपाळाने कधीच दाखवून दिले होते.

जेम्सचा मुलगा चार्ल्स याने पुस्तकाच्या जोरावर राज्य चालवण्याचा प्रयत्न टोकाला नेला. 1637 मध्ये त्याने स्कॉटलंडवर नवे प्रार्थनापुस्तक लादले. 23 जुलैला एडिंबरोच्या सेंट जाइल्स चर्चमध्ये ते वाचायला सुरुवात होताच दंगल उसळली. पुढच्या वर्षी स्कॉट लोकांनी धर्मप्रतिज्ञेवर सह्या केल्या आणि त्यातून युद्ध पेटले. त्याच 1637 मध्ये लंडनला प्रिन, बर्टन आणि बास्टविक या तीन लेखकांचे कान कापले गेले. प्रिनचे तर 1634 मध्ये एकदा कापून झाले होते, उरलेले बुंधे या वेळी छाटले आणि गालांवर डाग दिले. त्याच वर्षी स्टार चेंबरने मुद्रणाचे नियम अधिक कडक केले. चार वर्षांत स्टार चेंबरच रद्द झाले आणि 1640 पासून जॉर्ज थॉमसन नावाच्या लंडनच्या पुस्तकविक्रेत्याने पुस्तिका व वार्तापत्रे जमवायला घेतली ती 1661 पर्यंत सुमारे 22,000 झाली.

मिल्टनचे प्रसिद्ध भाषण या गदारोळातले आहे. राजा चार्ल्सशी यादवी युद्ध लढत असलेल्या पार्लमेंटने 1643 मध्ये परवाना पद्धत पुन्हा आणली, तिच्याविरुद्ध त्याने 1644 मध्ये ते परवाना न घेताच छापले. ते थोर लेखन आहे याबद्दल वाद नाही. पण त्यातील सहिष्णुता कॅथलिकांपाशी येऊन थांबते, आणि पुढे 1651 च्या सुमारास खुद्द मिल्टन राजाच्या जागी आलेल्या प्रजासत्ताकाच्या सरकारी वार्तापत्राला मंजुरी देण्याचे काम पाहत होता, हेही त्याच्या नावापुढे लिहायला हवे. त्या काळावर त्याच्या पुस्तकाचा प्रभाव फारसा दिसत नाही. प्रभाव दिसतो तो शत्रुपक्षाच्या एका पुस्तकाचा. 30 जानेवारी 1649 ला, यादवीत हरलेल्या चार्ल्सचा शिरच्छेद झाला आणि त्याच सुमारास त्याच्या नावावरचे आत्मनिवेदन बाजारात आले. आरंभीच्या चित्रात राजा गुडघे टेकून बसला आहे, हाती काट्यांचा मुकुट, पायाशी सोन्याचा. एका वर्षात इंग्लंडमध्ये त्याच्या तीसहून अधिक आवृत्त्या निघाल्या. जॉन गॉडन या धर्मोपदेशकाने आपणच ते लिहिल्याचा दावा पुढे केला आणि त्याला बिशपपदही मिळाले. हयातीत ज्या राजाने लेखकांचे कान कापवले, त्याची कीर्ती मृत्यूनंतर वाचकांच्या दयेवर तगली. 1539 च्या चित्रातला राजा वर बसून पुस्तक देत होता. या चित्रातला राजा गुडघ्यावर आहे आणि मागतो आहे.

येथे एक गंभीर आक्षेप घेतला जातो आणि तो टाळून चालणार नाही. छपाई मोकळी सुटली म्हणून यादवी झाली. 1641 च्या आयर्लंडमधील उठावात मारल्या गेलेल्यांचे अवाच्या सवा आकडे पुस्तिकांनी पसरवले, त्यातून सूडाची आग भडकली. मग थोडा लगाम काय वाईट? पुस्तिका खोटे बोलत होत्या हे खरेच आहे. पण त्या शतकातील एका सर्वांत घातक खोट्याकडे पाहा. राजेशाही परत आल्यावर गादीवर बसलेल्या दुसऱ्या चार्ल्सला ठार मारण्याचा कॅथलिक कट शिजतो आहे, ही टायटस ओट्सची बनावट कहाणी 1678 मध्ये पसरली तेव्हा परवान्याचा कायदा पूर्ण अमलात होता. ती मोठी झाली शपथपत्रांतून, राजाच्या मंत्रिमंडळापुढील जबानीतून, पार्लमेंटच्या ठरावांतून आणि न्यायालयांच्या निकालांतून, आणि तिच्यापायी अनेक निरपराध कॅथलिक फासावर गेले. परवाना पद्धत खाजगी असत्याला अडवू शकते असे मानले, तरी राज्यसंस्थेनेच असत्य जवळ केले तर त्यावर तपासनीस कुठून आणायचा?

हा कायदा 1662 चा होता. त्याने विषयवार तपासनीस नेमले: धर्माची पुस्तके बिशपांकडे, कायद्याची प्रमुख न्यायाधिकाऱ्यांकडे, इतिहासाची व राज्यकारभाराची मंत्र्यांकडे. लंडनमधील मुख्य मुद्रकांची संख्या 20 वर आणायची होती. 1663 मध्ये रॉजर लेस्ट्रेंज मुद्रणाचा सर्वेक्षक झाला आणि त्याने स्वतःचे वार्तापत्रही काढले. त्यात त्याने स्वच्छ लिहिले की आपल्याला विचाराल तर वार्तापत्र असूच नये, कारण त्याने जनसामान्य वरिष्ठांच्या कृतींशी आणि मसलतींशी नको तितके परिचित होतात. हे त्याने वार्तापत्रातच छापले, कारण दुसरा मार्ग नव्हता. त्याच वर्षी त्याच्या झडतीपथकाने पहाटे जॉन ट्विन या गरीब मुद्रकाच्या घरावर धाड घातली. राजा जुलमी झाल्यास प्रजेने त्याला जाब विचारावा अशा आशयाच्या पुस्तकाचे ताव तेथे सापडले. ट्विनने लेखकाचे नाव सांगितले नाही आणि 1664 मध्ये त्याला राजद्रोह्याची पूर्ण शिक्षा झाली. लेखक सापडला नाही तर मुद्रकाला धरायचे, ही या पद्धतीची रीतच होती.

आता शेवट कसा झाला ते. 1693 मध्ये, 1688 च्या क्रांतीत दुसऱ्या जेम्सला हटवून गादीवर आलेल्या विल्यम आणि मेरी यांच्या राज्यात, एक अनामिक पुस्तिका परवान्यासाठी एडमंड बोहन या तपासनिसाकडे आली. हे राजाराणी जिंकून राज्यावर आले आहेत, म्हणून प्रजेने त्यांना मानावे, असे तीत म्हटले होते. बोहनचे स्वतःचे मत तेच असल्याने त्याने आनंदाने मंजुरी दिली. कॉमन्स सभेचा संताप अनावर झाला, कारण इंग्लंड जिंकलेला देश आहे असे सरकारच्या शिक्क्यानिशी छापून आले होते. पुस्तिका जाळण्यात आली आणि बोहनची नोकरी गेली. ही पुस्तिका चार्ल्स ब्लाउंट या परवानाविरोधकाने त्याला अडकवण्यासाठीच रचली होती असे मानले जाते. मला हा प्रसंग मिल्टनच्या सगळ्या वाक्पटुत्वापेक्षा अधिक निर्णायक वाटतो. जेथे परवाना नसतो तेथे पुस्तकाचा दोष लेखकाचा असतो. जेथे तो असतो तेथे छापून आलेल्या प्रत्येक ओळीखाली सरकारची सही असते, आणि इतक्या ओळींचा भार कोणत्याही सरकारला सोसत नाही.

1695 मध्ये कायद्याची मुदत संपली, आणि कॉमन्सने तो पुन्हा चालू करण्यास नकार देताना जी कारणे दिली त्यांत मुद्रणस्वातंत्र्याच्या तत्त्वाचा उच्चार नाही. स्टेशनर्स कंपनीच्या मक्त्याने होणारी पिळवणूक, परदेशी पुस्तकांचे गठ्ठे जकातीत अडकून पडणे, अशा बाबी त्यांत आहेत. तत्त्वज्ञ जॉन लॉकनेही आपल्या टिपणात मक्त्यामुळे लॅटिन ग्रंथांच्या महाग आणि सदोष आवृत्त्या माथी मारल्या जातात याची तक्रार केली होती. काही वाचकांना हे क्षुद्र वाटते. मला ते आश्वासक वाटते, कारण याचा अर्थ पुस्तके घेणारे लोक आता इतके झाले होते की त्यांची गैरसोय हे राजकीय कारण ठरू शकत होते.

अर्थात गेली ती छापण्यापूर्वीची अट. छापल्यानंतरची शिक्षा राहिलीच. लेखक डॅनिएल डिफोला 1703 मध्ये खोड्यात उभे केले गेले आणि 1719 मध्ये जॉन मॅथ्यूज हा कोवळ्या वयाचा मुद्रक पदच्युत राजघराण्याच्या बाजूने पत्रक छापल्याबद्दल राजद्रोहासाठी फासावर गेला. हिंदुस्थानात तर कंपनी सरकारने मायदेशी केव्हाच टाकून दिलेला परवाना 1823 मध्ये कलकत्त्यात नव्याने आणला. राममोहन रॉय यांनी निषेध म्हणून आपले फारसी पत्र बंद केले, आणि 1835 मध्ये हंगामी गव्हर्नर-जनरल मेटकाफने तो परवाना रद्द केला. दुसरा अर्धा भाग, म्हणजे छापल्यानंतरचा राजद्रोह, 1870 मध्ये दंडसंहितेत शिरला. त्याच कलमाखाली 1897 मध्ये मुंबईच्या उच्च न्यायालयात टिळकांवर ‘केसरी’तील मजकुरासाठी खटला चालला, नऊ पंचांपैकी सहा युरोपियनांनी दोषी म्हटले, तिघा हिंदी पंचांनी निर्दोष, आणि दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. छापण्याआधी टिळकांना कोणी अडवले नव्हते. 1695 च्या व्यवस्थेने लेखकाला जेवढे दिले तेवढे त्यांना मिळाले होते, आणि तेवढे पुरेसे नव्हते.